सावलीतला बिबट्या

अविनाश, तू गेल्यावर तुझ्या घरी भेटायला आले तेव्हा रडण्याआधी मी माळ्याकडे पाहिलं.

वृंदावहिनी सोफ्याच्या कडेला बसल्या होत्या. तुमच्या सोसायटीतले लोक हळू आवाजात तुझ्या चांगुलपणाबद्दल बोलत होते. कुणाच्या मांजरीला तू सुट्टीच्या दिवशी येऊन सलाइन लावलंस, कुणाच्या म्हाताऱ्या कुत्र्याला शेवटचं इंजेक्शन देताना तुझेच डोळे कसे भरून आले. मी मान डोलावत होते आणि मनातल्या मनात तुझ्या घराची झडती घेत होते. माळा. टीव्हीखालचे कप्पे. पुस्तकांमागची मोकळी जागा. सिनेमाच्या फितीची तळहातावर मावेल एवढी गुंडाळी माणूस कुठे लपवेल? तू कुठे लपवशील?

ती फीत तू कापून नेलीस असा माझा संशय होता. संशय कसला, जवळजवळ खात्रीच. आणि तू उत्तर न देताच निघून गेलास. त्याचा मला इतका राग आला होता की दुःखाला आत यायला वाटच सापडत नव्हती.

मी संशयी बाई आहे, हे तूच सगळ्यांना कौतुकाने सांगायचास. "ही शमीम. हिने जन्मभर सिनेमे कापले आणि जोडले, त्यामुळे हिचा कशावरच विश्वास नाही." खरंच होतं ते. रडणारी नटी आणि तिच्यासमोरचं पत्र हे दोन तुकडे वेगवेगळ्या महिन्यांत, वेगवेगळ्या गावांत घेतलेले असतात आणि मी ते शेजारी ठेवले की लोक हुंदके देतात, हे रोज बघणाऱ्या बाईने विश्वास ठेवायचा तरी कशावर?

तुझी गोष्ट निराळी. तू जनावरांचा डॉक्टर. आपली ओळख झाली तीच भांडणातून. फिल्म क्लबमध्ये एका गाजलेल्या युद्धपटानंतर सगळे मोठमोठ्या शब्दांत बोलत होते आणि मागच्या रांगेतून तू उठून म्हणालास, "बाकीचं मला कळत नाही, पण दुसऱ्या भागातला तो पांढरा घोडा आजारी आहे. त्याला पोटशूळ आहे आणि तरी त्याला पळवलाय." सगळे हसले. मी हसले नाही. मला राग आला, कारण त्या घोड्याकडे माझं लक्षच गेलं नव्हतं. बाहेर आल्यावर मी तुला गाठलं आणि म्हटलं, "तो घोडा दोन वेगळे घोडे आहेत. कट नीट बघा." तू म्हणालास, "दोन असतील तर दोघेही आजारी आहेत." तिथून पुढे आपण भांडतच राहिलो.

मग तो डबा आला.

मार्केट यार्डातल्या तुझ्या ओळखीच्या एका कांद्याच्या व्यापाऱ्याने जुनं गोदाम रिकामं करायला काढलं होतं. त्याच्या कुत्र्यावर तू उपचार करायचास. त्याच्या आजोबांचा कधीकाळी फिरता तंबू सिनेमा होता म्हणे. "डॉक्टर, तुम्हाला सिनेमाचं वेड आहे ना? हे घेऊन जा, नाहीतर भंगारात जाईल." तो गंजका डबा मांडीवर ठेवून तू रिक्षाने कॅम्पातल्या माझ्या घरी आलास. झाकण उघडलं तर जुनी फीत सडायला लागली की येतो तो व्हिनेगरचा झणका नाकात गेला. मी म्हटलं, "ही मूळ फीत नाही. कुणीतरी नंतर काढलेली कॉपी आहे, सोळा एमएमची." तू म्हणालास, "आला का संशय? अजून बसलोसुद्धा नाही."

आतल्या खोलीतल्या माझ्या जुन्या एडिटिंग टेबलावर आपण ती लावली. मूकपटांच्या काळातला जंगलपट. सुरुवातीचा भाग गेलेला, त्यामुळे नाव कळायला मार्ग नाही. जहागीरदाराची मुलगी, तिला पळवणारा बुरखेधारी दरोडेखोर, मागावर निघालेला शिकारी. तुटणारा दोरांचा पूल. मगरींचा डोह. मध्येच काळ्या पाटीवर पांढरी अक्षरं यायची, 'सावध! झाडीतून कोणी पाहत आहे.' तू ती पाटी इतक्या गंभीर आवाजात वाचलीस की मी टेबल थांबवून हसले. मगर लाकडाची होती, तिच्या शेपटीचे खिळेसुद्धा दिसत होते. त्या संध्याकाळी आपण दोघं पोरांसारखे खूश होतो.

मग बिबट्या आला आणि तुझं हसू गेलं.

कातळावरून बिबट्या शिकाऱ्याच्या अंगावर झेपावतो. दोघं लोळत लोळत मोठ्या झाडाच्या सावलीत जातात आणि पडदा काळा होतो. बराच वेळ काळाच राहतो. मग शिकारी मेलेल्या बिबट्याला शेपटीला धरून उजेडात ओढत आणतो, छातीवर पाय ठेवतो, मुलगी हात जोडते.

"परत लाव," तू म्हणालास. मी लावलं. "परत."

"तो झेप घेत नाहीये, शमीम. त्याला ओढलंय. मानेला दोरी आहे बघ."

"तो फितीवरचा ओरखडा आहे."

"दोरी आहे."

"ओरखडा. आणि सावलीत कट आहे. जिवंत बिबट्या बाजूला घेतला, पेंढा भरलेला आणून ठेवला, परत कॅमेरा सुरू केला. काळं झाल्यावर कुणाला कळतंय? मगर बघितलीस ना? लाकडाची मगर करणारी माणसं खरा बिबट्या कशाला मारतील?"

"कारण बिबट्या मगरीपेक्षा स्वस्त होता तेव्हा," तू म्हणालास. "आणि पेंढा भरलेलं जनावर कसं दिसतं ते मला माहीत आहे. शेवटी ओढत आणलंय ते नुकतंच मेलेलं आहे. अंग अजून सैल आहे त्याचं."

हा वाद आपण किती ठिकाणी घातला! हडपसरच्या तुझ्या दवाखान्यात, माझ्या जिन्यात, पार्किंगमध्ये तुझ्या स्कूटरशी उभं राहून. तू म्हणायचास, जनावराला अभिनय येत नाही. मी म्हणायचे, जनावराला येत नसेल, कात्रीला येतो. वहिनी एकदा वैतागून म्हणाल्या होत्या, "त्या बिबट्याचं तेरावं तरी घाला एकदाचं."

क्लबमध्ये तो सिनेमा दाखवायचा असं ठरलं. पखवाज आणि पेटीची साथ घ्यायची, नंतर चर्चा. फीत प्रोजेक्टरवर चालवण्याच्या लायकीची नव्हती, म्हणून खराडीच्या एका स्टुडिओत स्कॅन करून घ्यायची होती. मी जाऊन त्यांचं काम बघून आले आणि उत्साहाने तुला फोन केला. "अविनाश, आता आपला निकाल लागणार. त्यांच्याकडे काळ्यातलंसुद्धा उजळून काढता येतं. सावलीत काय झालं ते स्वच्छ दिसेल."

तू पलीकडे गप्प होतास. वाद जिंकायची संधी आली आणि तू गप्प? मला तेव्हाच शंका यायला हवी होती. आली नाही, हे नवलच.

दुसऱ्या दिवशी तू आलास. "स्कॅनला द्यायच्या आधी चार दिवस डबा मला दे. एकदा शांतपणे बघतो." तुझ्याकडे फीत बघायचं यंत्र नव्हतं. कशावर बघणार, हे मी विचारलं नाही. तू डबा परत आणलास तेव्हा चहासुद्धा न घेता निघालास. चहा न घेता तू कधीच गेला नव्हतास.

खराडीहून श्वेताचा फोन आला. स्कॅनिंग करणारी ती अमरावतीची मुलगी, कामाला फार चोख. "मॅडम, बिबट्याच्या सीनमध्ये जंप येतोय. तो उडी मारतो आणि डायरेक्ट मेलेलाच दिसतो. ओरिजिनल असंच आहे का?"

"नाही. मध्ये मोठा काळा भाग आहे."

"नाही ना मॅडम. तिथं जोड आहे. आणि टेप पण वेगळीच आहे. दवाखान्यात बँडेजला लावतात ना, पांढरी? तसली."

सगळ्या पुण्यात सिनेमाच्या फितीला दवाखान्याची चिकटपट्टी लावणारा माणूस एकच असू शकतो.

तुला आपली शेवटची भेट आठवत असेल. आठवत असेल म्हणजे काय, माझ्या तोंडून सवयीने जातं. तुझ्या दवाखान्याबाहेरच्या टपरीवर आपण चहा घेत होतो, मागे बसचे हॉर्न वाजत होते. मी सरळ विचारलं नाही. म्हटलं, "बिबट्यापाशी फीत तुटलेली निघाली."

"जुनी फीत आहे, तुटणारच," तू म्हणालास.

"आणि आपोआप जोडली पण गेली."

तू चहाचा कप खाली ठेवलास. मग म्हणालास, "शमीम, एखादी गोष्ट माहीत नसण्याचा हक्क माणसाला असावा की नाही?"

"एडिटरला नसतो," मी म्हटलं.

"मग देव तुझं भलं करो," असं काहीतरी पुटपुटत तू उठलास. आत एक कुत्रं केव्हापासून भुंकत होतं. मी ठरवलं, पुढच्या भेटीत स्पष्ट विचारायचं. पुढची भेट झाली नाही. तू दवाखान्यातच कोसळलास, हे मला क्लबच्या ग्रुपवरच्या मेसेजवरून कळलं.

तर त्या दिवशी तुझ्या घरी. लोक हळूहळू उठून गेले. मी राहिले. वहिनींनी दार लावलं, माझ्यासमोर येऊन उभ्या राहिल्या आणि म्हणाल्या, "तुम्ही आल्यापासून माळ्याकडे बघताय, शमीमताई. स्टूल आणून देऊ का?"

लाजेने माझे कान तापले. मी काही बोलायच्या आत त्याच म्हणाल्या, "मलाही तुम्हाला एक विचारायचंय. आज विचारू नये, पण आजच विचारते. तुमच्या दोघांत काय होतं?"

"होतं म्हणजे?" मी विचारलं.

"शेवटचे काही आठवडे तो माझ्यापासून काहीतरी लपवत होता," त्या म्हणाल्या. "मी एकदा जेवणाचा डबा द्यायला दवाखान्यात गेले, तर आतल्या खोलीत दिवा बंद करून एक्स-रेच्या पेटीसमोर बसलेला. डोळ्याला भिंग. मला बघून हातातलं काहीतरी खिशात घातलं. 'काय आहे?' म्हटलं, तर म्हणाला, 'शमीमचं आहे.' आता बाईने काय समजायचं?"

एकटी राहणारी, सिनेमातली, वेळी-अवेळी फोन करणारी मी. इतकी वर्षं वहिनींच्या हातचं खाल्लं आणि या बाईच्या मनात हे होतं, याचा मला एकदम रागच आला. आणि त्याच वेळी मी तिच्या घरात बसून तिच्या नवऱ्याला चोर ठरवत होते. मी त्यांना सगळं सांगितलं. फीत, बिबट्या, खराडी, चिकटपट्टी. त्या ऐकत होत्या, पण चेहऱ्यावर विश्वास दिसत नव्हता.

"म्हणजे एका बिबट्यासाठी," शेवटी त्या म्हणाल्या.

"हो."

"बायकोला न सांगण्यासारखं एका बिबट्यात काय असतं?"

"तेच मला माहीत नाही."

त्यांनी खुंटीवरची दवाखान्याची किल्ली काढली. "चला. खोटं असेल तर तिथेच कळेल." खोटं कुणाचं, तुझं की माझं, ते त्यांनी सांगितलं नाही. आम्ही रिक्षाने हडपसरला गेलो.

दवाखान्याला तोच फिनेलचा आणि ओल्या केसांचा वास होता. वजनकाट्याच्या वरची भिंत बघून मी थांबले. तिथे चौकोनी फिकट डाग होता. "फोटो कुठे गेला?" मी विचारलं. वहिनींच्याही लक्षात तेव्हाच आलं.

तो फोटो तुझ्याकडे येणाऱ्या प्रत्येकाला माहीत होता, कारण प्रत्येकाला तू त्याची गोष्ट सांगायचास. तुझे आजोबा एका छोट्या संस्थानाच्या शिकारखान्यात होते. आईवेगळं बिबट्याचं पिल्लू त्यांनी शेळीच्या दुधावर वाढवलं. नाव हिरा. तो त्यांच्या मागे कुत्र्यासारखा फिरायचा, त्यांच्या हातून खायचा आणि म्हातारा होऊन त्यांच्याच मांडीवर डोकं ठेवून गेला. फोटोत फेटा बांधलेले, मोठ्या कानांचे आजोबा खुर्चीवर, पायाशी साखळीने बांधलेला हिरा. शाळांमध्ये भाषणाला बोलावलं की तू हीच गोष्ट सांगायचास आणि शेवटी म्हणायचास, "म्हणून मी डॉक्टर झालो." मला ती गोष्ट नेहमीच जरा जास्त गोड वाटायची. तुला कधी बोलले नाही.

एक्स-रेच्या पाकिटांच्या गठ्ठ्यात फोटो सापडला. पाकिटावर कुठल्याच जनावराचं नाव नव्हतं, म्हणून वहिनींनी तेच उघडलं. आत फ्रेममधून काढलेला फोटो आणि फितीची गुंडाळी. बाकी काही नाही.

मी पेटीचा दिवा लावला. तुझं भिंग टेबलाच्या खणातच होतं. एडिटिंग टेबलाचा दिवा म्हणजे या दिव्यापुढे पणती. हाडं दाखवणारा दिवा तो. काळी फीत त्यावर आडवी धरली आणि आतली सावली उघडली.

दोरी होती, अविनाश. ओरखडा नव्हता.

मी चौकटीमागून चौकट सरकवत गेले. कट शोधत होते, खरं सांगते, शेवटपर्यंत कटच शोधत होते. कुठेही नव्हता. शिकारी बाजूला होतो. बिबट्या एकटाच सावलीत धडपडतो, शेपटी आपटतो. झाडाच्या मुळाला पाय रोवून एक फेटेवाला माणूस दोरी ओढतोय. पुढे धडपड थांबते. माणूस दोरी सोडतो, खाली बसतो, आणि बिबट्याचं डोकं उचलून मांडीवर घेतो. तिथे फीत संपते, म्हणजे तुझी कात्री तिथे लागली आहे.

भिंग वहिनींना दिलं. त्या खूप वेळ वाकून बघत होत्या. मग त्यांनी फोटो पेटीच्या उजेडात धरला आणि बोट ठेवलं. त्यांचं बोट आजोबांवर नव्हतं, हिरावर होतं. डावा कान टोकाशी फाटलेला, इंग्रजी व्हीसारखा. मी परत फितीत पाहिलं. मांडीवरच्या त्या डोक्याचा डावा कानही तसाच होता.

तू माणूस ओळखलाच नसशील आधी. जनावर ओळखलं असशील. रोजचं काम तुझं.

"मांडीवर गेला हे खरंच होतं म्हणायचं," वहिनी म्हणाल्या आणि स्टुलावर बसल्या. मग त्या रडल्या, तू गेल्यापासून पहिल्यांदा, असं त्यांनीच नंतर सांगितलं. मीही रडले. कुणासाठी, ते धड सांगता येणार नाही. तू त्या दिव्यासमोर एकटा बसून हे बघितलंस, आणि बाहेर येऊन कुणाच्या तरी कुत्र्याला हसत हसत गोळी भरवली असशील.

तुझ्यावरचा राग मात्र गेला नाही. उलट प्रश्न वाढले. तू मला का सांगितलं नाहीस? मी तुझ्या आजोबांना क्लबसमोर उघडं पाडीन असं वाटलं? की मी म्हणेन, फाटक्या कानाचे बिबटे काय एकच असतात? म्हटलं असतं मी, नक्की म्हटलं असतं. अजूनही मनात येतं. तो फेटा, ते मोठे कान, ती अंधारातली दोन-चार चौकटींपुरती वळलेली मान, यावरून माणूस ठरवायचा? आणि मांडीवर डोकं घेतलं ते प्रेमाने, की नुसता गळ्यातला फास सोडवायला? तुझ्याशी यावर भांडायचं होतं. तू असतास तर म्हणाला असतास, "फास सोडवायला डोकं मांडीवर घ्यावं लागत नाही, शमीम." मग मी म्हटलं असतं, "तुला कसं माहीत?" आणि तू म्हणाला असतास... ते पुढचं मला रचता येत नाही. तुझी वाक्यं मला कधीच आधी सुचली नाहीत.

आणखी एक संशय आहे. ती चिकटपट्टी. टाके घालणारा तुझ्या हाताचा माणूस इतका गबाळा जोड लावतो? माझ्याकडे फितीची टेप आहे, मागितली असतीस तर मिळाली असती. तुला पकडलं जायचं होतं का, अविनाश? मी येऊन कॉलर धरून विचारावं अशी वाट बघत होतास का? आणि मी टपरीवर ती तिरकस वाक्यं बोलत बसले.

"परत जोडा हे," डोळे पुसून वहिनी म्हणाल्या. "सगळ्यांना दाखवा."

"त्याला नको होतं, वहिनी."

"नको असतं तर जाळलं असतं. एवढीशी फीत जाळायला काडी पुरते. त्याने जपून ठेवलीय."

"तुम्ही रागाने तर म्हणत नाही ना?"

त्यांनी जरा विचार केला. "थोडंसं रागानेच. तीस-पस्तीस वर्षं ती हिराची गोष्ट ऐकलीय मी. पाहुण्यांसमोर, मुलांसमोर. आता खरी ऐकू दे लोकांना." मग हळूच म्हणाल्या, "आणि त्या मुक्या जनावराचीही कुणीतरी बाजू मांडायला नको का? तो असता तर शेवटी त्यानेच मांडली असती. वेळ लागला असता, पण मांडली असती."

हे खरं की वहिनींना तसं वाटायला हवं होतं, मला माहीत नाही. मी फीत घरी आणली आणि जोडली. तुझी पट्टी काढताना फितीला चिकटलेला एक पांढरा केस निघाला, कुठल्याशा कुत्र्याचा. श्वेताने सावली उजळून दिली. काम संपल्यावर ती म्हणाली, "मॅडम, हे बघून मला जेवण नाही गेलं जी." एरवी तिची भाषा पुण्याची असते. त्या दिवशी घरची आली.

आपल्या नेहमीच्या छोट्या सभागृहात रविवारी सकाळी खेळ झाला. वहिनी पहिल्या रांगेत होत्या. पखवाजवाल्याने आधी विचारलं, "बिबट्याला काय वाजवू?" मी म्हटलं, तो झेपावला की हात थांबवा. त्याने थांबवले. पेटीही थांबली. लोक मगरीला हसले होते, पुलाला टाळ्या वाजवल्या होत्या. सावली उघडली तेव्हा खुर्च्यांचं करकरणंसुद्धा बंद झालं.

दिवे लागल्यावर एका मुलीने विचारलं, "तो दोरी ओढणारा माणूस कोण होता?"

मी माईक हातात घेतला. खात्रीने सांगता येत नाही, असं मला म्हणायचं होतं, आणि ते खोटं नव्हतं. पण वहिनी उठल्या. "आमच्या घरातले," माईकशिवायच म्हणाल्या. "आमच्या यांचे आजोबा. तो बिबट्या त्यांनीच वाढवलेला होता." आणि साडी सावरून खाली बसल्या.

मग मागून एक गृहस्थ म्हणाले, "पण मॅडम, ही ट्रिक असणार ना? तेव्हाही करायचे ट्रिक. आपण तर एडिटर आहात, सांगा की."

हा आपला प्रश्न होता. याचं उत्तर मी तुला इतक्यांदा दिलं होतं की झोपेतही दिलं असतं.

"नाही," मी म्हटलं. "मगर लाकडाची आहे, पूलही अर्धा खोटा आहे. बिबट्या खरा आहे. तिथे कुठेही कट नाही, मी चौकट न् चौकट तपासलीय. माझे मित्र डॉक्टर अविनाश पहिल्या दिवसापासून हेच सांगत होते. मी मानत नव्हते. त्यांचं बरोबर होतं."

तू जिंकलास, तेही माझ्याच तोंडून, भरल्या सभागृहात. तू समोर असतास तर काय केलं असतंस, हे मात्र मला सांगता येईना. हसला असतास, की ते दृश्य सुरू होताच उठून गेला असतास? इतकी वर्षं ओळखलेल्या माणसाबद्दल एवढंही ठरवता येऊ नये? जिना उतरताना मी वहिनींना तसं विचारलं.

"बाहेर गेला असता," त्या म्हणाल्या. "आणि पार्किंगमध्ये तुमची वाट बघत थांबला असता."

लोक गाड्या काढून निघून गेले. रिक्षावाला कुठे जायचं म्हणून विचारून गेला. आम्ही दोघी पार्किंगमध्ये जरा वेळ उगाच थांबलो.